कुलूपबंद घरातली यात्रेची पंगत

भूतखेत, अंगात येणं यावर माझा काडीचा विश्वास नाही. सांगलीच्या एका शाळेत विज्ञान शिकवते. पोरांना ‘पुरावा काय?’ विचारायला मीच शिकवते. म्हणून हे लिहायला लाज वाटते... पण खरी लाज वेगळीच आहे.

आमचं गाव आटपाडीजवळ. यात्रेला पुरणपोळ्यांचा नैवेद्य दाखवायचा आणि दारी येईल त्याला आग्रह करकरून जेवू घालायचं, ही रीत. सासूबाई — मी त्यांना आत्या म्हणायचे — त्या दिवशी चुलीपुढून हलायच्या नाहीत. गेल्या वर्षी त्या वारल्या, तेव्हापासून गावचं घर बंदच. यंदा सगळं माझ्या गळ्यात पडणार म्हणून मी गावाकडे ‘पोराची परीक्षा आहे’ अशी थाप मारली, आणि नवरा, दोन्ही मुलं यांना घेऊन कोयनानगरकडच्या एका रिसॉर्टवर गेले.

मनगटाला पट्टा बांधला की खाणंपिणं अनलिमिटेड! यात्रेच्या दुपारी बुफेत मी दोनदा ताट भरलं. नवरा मोबाइलमध्ये, मुलं मोबाइलमध्ये. पोटाला तडस लागली, तरी जेवल्यासारखं वाटेना. ‘अजून एक घे गं’ म्हणणारं कुणी नव्हतं. मला उगीचच रडू आलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी गावातल्या शेजारच्या बापूभावजींचा फोन आला. "वयनी, पोळ्या लय मऊ झाल्या हुत्या बगा! पर तुमी भायेर का आला न्हाईसा?"

थाप पकडली, आता टोमणा मारतायत, असंच वाटलं मला. म्हटलं, "भावजी, घराला कुलूप आहे. किल्ली माझ्या पर्समध्ये आहे."

"आवं, दार सताड उघडं हुतं की! सैपाकघराच्या उंबऱ्यातनं ताट धरल्याला हात तेवढा दिसायचा. आन् आग्रह तर पार तुमच्या सासूगत! आमी म्हनलं, वयनी शिकल्या एकदाच्या."

आम्ही तसेच गावाकडे निघालो. दाराला कुलूप होतं, जसंच्या तसं. आत चुलीतली राख कोमट होती. बाजूला चार ताटं झाकून ठेवलेली. एका ताटातली आमटी वाटीत, पोळीपासून लांब... मला पोळी भिजलेली चालत नाही, हे फक्त आत्यांना ठाऊक होतं.

कुलूप कुणी काढलं, डाळ-गूळ कुठून आला, मला सांगता येत नाही. पुराव्याची ताटं समोर होती, आणि माझी मान वर होत नव्हती.

पाचवं ताट नव्हतं. आत्यांनी स्वतःचं पान कधी आधी वाढलंच नाही. मी एक रिकामं ताट घेतलं, त्यात माझ्या ताटातली पोळी वाढली आणि म्हटलं, "आत्या, आता तुम्ही बसा." आग्रह केला. परत केला.

कुणी आलं नाही.