पाऊण बी.ए.

आमच्या मामांचं बी.ए. तीन वर्षांचं होतं आणि गावातल्या बाकी सगळ्यांचं चार वर्षांचं. म्हणून गावात त्यांना 'पाऊण बी.ए.' म्हणत. तोंडावर कुणी म्हणत नसे, पण त्यांची पाठ वळेपर्यंत थांबायचा धीरही फारसा कुणाला नसे.

मामांचा दोष एवढाच, की ते शिकायला परदेशी गेले. तिकडे बी.ए. तीन वर्षांत उरकतात. पोरगं बोटीवरून वर्षभर आधीच उतरलेलं बघून आजोबांना वाटलं, नापास होऊन आलं. पदवीचा कागद पुढे केला तरी त्यांची शंका फिटेना. "कागद खरा असेल रे," ते म्हणाले, "पण माल पुरा दिलाय का त्यांनी?"

विषय होता तत्त्वज्ञान. तो घेऊन नोकरी मिळण्याची शक्यता शून्य होती. पण त्याच सुमाराला बंदरावर हवामान कचेरी उघडली. हवामानाचं शास्त्र तेव्हा नुकतं रांगायला लागलेलं. त्याचे पदवीधर आणायचे कुठून? तेव्हा वरून हुकूम आला, की कुठल्याही विषयाचा पदवीधर आभाळाकडे बघण्यास लायक समजावा. त्या हुकमाने आमच्या बंदराला मुख्य निरीक्षक म्हणून एक साहेब मिळाले, इतिहासाचे बी.ए., चार वर्षांचे. काल वारा कसा होता हे ते फार सुरेख सांगत. उद्याचं विचारलं की म्हणत, "एवढी घाई काय आहे?" त्यांच्या हाताखाली सहायक म्हणून मामा लागले. पगार पुरा मिळाला, पदवी मात्र तेवढी पाऊणच राहिली.

कचेरी म्हणजे धक्क्यावरची एक खोली. भिंतीवर तबकडीचा बॅरोमीटर. हवेचा दाब दाखवणारा त्याचा काटा निवळ, बदल, पाऊस, वादळ अशा शब्दांवरून फिरे. बाहेर खांब. वादळ येणार असं दिसलं की खांबावर काळा बावटा चढवायचा. तो दिसला की एकही होडी किनारा सोडत नसे. वाऱ्याची दिशा दाखवणारा पत्र्याचा कोंबडा मात्र गावामागच्या उंच टेकडीवर, एका मनोऱ्यावर बसवलेला होता.

आता गोम अशी, की बावटा चढवण्याचा हुकूम फक्त मुख्य निरीक्षकाने द्यायचा. एकदा काटा धाडकन खाली आला तेव्हा मामा धावत साहेबांच्या घरी गेले. साहेबांची दुपारची झोप चालू होती. त्यांच्या बाईसाहेब म्हणाल्या, "उठले की सांगते." साहेब उठले, चहा प्यायले, सहीला टाक शोधला. तोवर वारा येऊन, साहेबांच्या पडवीचे पत्रे घेऊन, निघूनही गेला होता. होड्या कशाबशा परत आल्या, पण एक तांडेल, म्हणजे होडीवरचा मुख्य माणूस, दोन दिवस कुणाशी बोलला नाही. त्या दिवसापासून मामांच्या डोक्यात एकच गोष्ट बसली. बावट्याची दोरी आपल्या हातात हवी.

साहेब निवृत्तीला आले तेव्हा मामांनी अर्ज केला. उत्तर आलं: पद 'पूर्ण पदवीधरा'साठी आहे, आपली पदवी पूर्ण आहे की कसे, हे समकक्षता समिती ठरवील.

समितीत तीन विद्वान होते आणि तिघांच्या तीन पदव्या तीन देशांच्या. पहिले इथलेच, चार वर्षांचे बी.ए. दुसरे अशा देशात शिकलेले, की जिथे चार वर्षं शिकल्यावर बी.ए. न देता थेट एम.ए. देतात. तिसऱ्यांच्या विद्यापीठात बी.ए. झाल्यावर काही वर्षं नुसतं धडधाकट राहायचं आणि थोडी फी भरायची, की एम.ए. घरपोच. मामांना बाहेर बाकावर बसवून आत या तिघांची जुंपली. दार पातळ होतं.

"म्हणजे आपण बी.ए. नाहीच की!" पहिले दुसऱ्यांना म्हणाले.

"मी एम.ए. आहे."

"पण बी.ए.शिवाय एम.ए. म्हणजे पायरी नसलेला जिना."

"आणि यांचं काय हो? हे तर झोपेत एम.ए. झाले!"

"झोपेत नाही," तिसरे शांतपणे म्हणाले, "मधे माझं लग्नही झालं."

तास-दीड तासाने शिपायाने मामांना आत नेलं. आपसातल्या भांडणात कुणीच जिंकलं नव्हतं, त्यामुळे तिघांचंही मामांवर एकमत झालं होतं. निर्णय असा: मामांचं एक वर्ष कमी आहे.

"ठीक आहे," मामा म्हणाले, "शेवटचं वर्ष इथल्या कॉलेजात करतो."

"शेवटचं तुम्ही केलंय," पहिले विद्वान म्हणाले. "तुमच्या त्या देशात कॉलेजचं पहिलं वर्ष शाळेतच शिकवून टाकतात. तुम्ही इथली शाळा शिकून तिकडे गेलात. म्हणजे तुमचं पहिलं वर्ष राहिलंय."

"पण पुढची तीन वर्षं पास झालोय ना मी?"

"ते आम्हाला मान्य आहे. ती कशाच्या आधारावर झालात, एवढंच कळत नाही."

तत्त्वज्ञानाच्या पदवीधराला यावर काही बोलता आलं नाही. यातच त्या पदवीचं मोल आलं, असं मामी म्हणत असे.

त्याच वर्षी मामांची मुलगी, म्हणजे आमची ताई, कॉलेजात जाणार होती. बाप आणि लेक एकाच रांगेत उभं राहून एकाच वर्गात दाखल झाली. आदल्या रात्री ताईने अटी घातल्या.

"बाबा, वर्गात मला हाक मारायची नाही. माझ्या बाकावर बसायचं नाही. आणि सर चुकले तर हात वर करायचा नाही."

"चुकले तरी?"

"चुकले तरच! बरोबर सांगतात तेव्हा कुठे तुम्ही हात वर करता?"

मामी पोळ्या लाटता लाटता म्हणाली, "अगं, त्यांना मागच्या बाकावर बसव. डुलकी लागली तर कुणाला दिसायला नको."

मामा मागच्या बाकावर बसले. सकाळी कॉलेज, मग टोपी बदलून कचेरी. तर्कशास्त्राचे सर मामांपेक्षा बरेच लहान. हजेरी घेताना मामांच्या नंबरावर आले की ते नकळत उभे राहत आणि त्यांच्याबरोबर वर्गही उभा राही. घटक चाचणीत ताईला मामांपेक्षा जास्त मार्क पडले तेव्हा मामीने सगळ्या आळीला सांगितलं. यातलं अभिमानाचं कुठलं आणि बदनामीचं कुठलं, हे मामांना शेवटपर्यंत समजलं नाही.

साहेबांची निवृत्तीची तारीख मागेच उलटून गेली होती. मामांचं पहिलं वर्ष पुरं होईपर्यंत त्यांनाच, कागदोपत्री काही न करता, खुर्चीवर बसवून ठेवलं होतं. ते आपलं काम जुन्या निष्ठेने करत, म्हणजे घरी झोपत. परीक्षेच्या दिवशी मामा कॉलेजात आणि साहेब अंथरुणात, मग काट्याकडे बघायचं कुणी? मामांनी कचेरीच्या पहारेकऱ्याला हाताशी धरलं. परीक्षेच्या हॉलच्या खिडकीतून टेकडीवरचा मनोरा दिसे. पहारेकऱ्याने दर तासाला कचेरीतला काटा बघायचा, टेकडी चढायची, आणि काटा ज्या शब्दावर असेल तो शब्द फळ्यावर खडूने मोठ्या अक्षरात लिहून फळा मनोऱ्यावर टांगायचा. हवापाण्याच्या इतिहासात यापेक्षा साधी तारायंत्रणा झाली नसेल.

सकाळी काटा 'पाऊस' या शब्दाच्या आसपास होता. आभाळ भरलेलं, हवा कुंद. त्यात विशेष काही नव्हतं. पहिल्या तासाला फळ्यावर आलं: पाऊस. मामांनी मान डोलावली आणि तर्कशास्त्राच्या पेपरात डोकं घातलं. प्रश्न होता, 'कारण आणि परिणाम यांचा संबंध सोदाहरण स्पष्ट करा.' मामांच्या हातचा मळ. ते पानामागून पान लिहीत सुटले. दुसऱ्या तासाला सहज वर बघितलं, तर फळ्यावर भलीमोठी अक्षरं: वादळ.

एका तासात पाऊस सोडून काटा वादळावर! मामा ताडकन उठले.

"बसा, बसा," पर्यवेक्षक धावत आले. ते मघापासून मामांची खिडकीबाहेर जाणारी नजर आणि तो फळा बघत होते. "बाहेरून उत्तरं मागवता?"

"होड्या निघायची वेळ झालीय!"

"पेपर अर्धा टाकून गेलात तर गैरहजर धरीन."

दोन ओळी पुढे बसलेल्या ताईने मागे वळून बघितलं. वर्षभराची अट मोडून ती म्हणाली, "बाबा, बसा ना. पास व्हायचंय तुम्हाला."

मामा क्षणभर थांबले. बसले असते, तर निकाल लागल्यावर बावट्याची दोरी कायमची त्यांच्या हातात होती. पण ते बसले नाहीत. कागद तसेच टाकून ते उतारावरून धक्क्याकडे धावत सुटले आणि कचेरीत न शिरता थेट खांबाला भिडले. हुकूम कुणाचा, सही कुणाची, काही विचार न करता काळा बावटा सरसर वर चढवला. होड्या सुटायच्या बेतात होत्या. तांडेलांनी शिव्या घालत दोर पुन्हा बांधले.

आणि मग आभाळ उघडलं. वारा पडला. दुपारी असं लख्ख ऊन पडलं, की धक्क्यावर मांजरं आडवी झाली. समुद्र इतका गुळगुळीत, की त्यावर इस्त्री फिरवावी. मामा खांबाला टेकून वादळाची वाट बघत उभे. तांडेल जाता-येता विचारत, "मामा, वाटेत अडकलंय का हो कुठं?" तोवर पहारेकरी टेकडीवरून उतरला. त्याच्या काखेत बॅरोमीटर होता.

"हा वर कसा गेला?" मामांनी विचारलं.

"मीच नेला. दर तासाला टेकडी चढायची, उतरायची, परत चढायची... मी माणूस आहे की कोण? पहिल्यांदा खाली बघून गेलो. दुसऱ्यांदा म्हटलं, हा वरच घेऊन बसतो. हवा काय, इथे तीच आणि तिथे तीच."

मामांनी डोक्याला हात लावला. उंचावर नेला की बॅरोमीटरचा काटा आपसूक उतरतो, हे कचेरीत फक्त मामांना ठाऊक होतं. पण ते पहारेकऱ्याला सांगायचं त्यांच्या डोक्यात आलं नव्हतं, कारण बॅरोमीटर फिरायला नेण्यासारखी वस्तू आहे असं कुणाच्या डोक्यात येतं? टेकडी चढलेल्या बॅरोमीटरला वादळ दिसलं. कारण आणि परिणामाचं इतकं उत्तम उदाहरण हाती आलं, पण पेपर संपला होता.

तांडेलांनी जाब मागितला. एक लख्ख दिवस बुडाला, जबाबदार कोण? मुख्य कचेरीतून चौकशी आली. साहेब म्हणाले, "मी तर केव्हाच निवृत्त झालो." तारखा बघितल्या, तर ते खरंच होतं. मग त्या दिवशी मुख्य निरीक्षक कोण? कुणीच नाही, असं म्हणावं तर बंदर वाऱ्यावर सोडल्याचा ठपका थेट मुख्य कचेरीवर. मामांवर ठेवावा, तर सहायकाला बावट्याचा अधिकारच नाही. आणि नसलेला अधिकार चुकीचा वापरला, असा शेरा कसा मारायचा? मुख्य कचेरीत बरेच दिवस डोकी खाजवली गेली असावीत. शेवटी हुकूम आला. साहेबांच्या निवृत्तीच्या तारखेपासून मामांना मुख्य निरीक्षक नेमण्यात येत आहे. आणि मुख्य निरीक्षक या नात्याने खोटा इशारा दिल्याबद्दल त्यांना सक्त ताकीद देण्यात येत आहे.

पदवीचा त्यात उल्लेखच नव्हता. माणसाला शिक्षा करायची घाई असली, की त्याच्या पात्रतेकडे कुणी बघत नाही.

"बढती म्हणू की कानउघाडणी?" मामीने विचारलं.

"दोन्ही एकाच लिफाफ्यात आहेत."

"टपालखर्च वाचवला," मामी म्हणाली. ताई पास झाली होती, मामा गैरहजर.

दुसऱ्या दिवशी सकाळी मामा मुख्य निरीक्षकाच्या खुर्चीत बसले. काटा 'बदल' या शब्दावर, आभाळ करडं, वारा धरसोड करणारा. कसलाही अर्थ काढावा असं हवामान. इतकी वर्षं अशा हवेत मामा साहेबांना बेधडक सांगत, "जाऊ द्या," किंवा "थांबवा," आणि साहेबांनी ऐकलं नाही की चरफडत. आता सांगायला समोर कुणी नव्हतं. दारात तांडेल उभा राहिला. तोच, दोन दिवस न बोललेला.

"काय मुख्य निरीक्षक? जाऊ का?"

"त्याचं असं आहे," मामा म्हणाले, "काही ठिकाणी वारा वाढण्याची शक्यता नाकारता येत नाही, तथापि..."

"झाला साहेब!" तांडेल मागे वळून आपल्या माणसांना ओरडला. "कालपर्यंत माणसासारखं बोलत होते!" मग परत वळून म्हणाला, "मामा, सरळ सांगा. मी निघू की घरी जाऊन झोपू?"

मामांनी काट्याकडे बघितलं. खिडकीतून आभाळाकडे बघितलं. खांबाकडे बघितलं. दोरी अगदी हाताशी होती.

"जा," ते म्हणाले.

होड्या गेल्या. मग मामा बाहेर येऊन खांबापाशी उभे राहिले, ते राहिलेच. दुपारी ताई डबा घेऊन आली, तो तसाच उघडा पडून गार झाला. ती म्हणाली, "बाबा, जेवा. तुम्हीच जा म्हणालात ना?"

"म्हणून तर," मामा म्हणाले.

संध्याकाळी एकेक करत सगळ्या होड्या आल्या. मामांनी ओठ हलवत मोजल्या, पुन्हा मोजल्या. तांडेल जाळं खांद्यावर टाकून अगदी समोरून गेला. आज भाव काय फुटला यावर तो कुणाशी तरी हुज्जत घालत होता. अंदाज बरोबर आला होता, त्यामुळे त्याने मामांकडे बघितलंसुद्धा नाही.

"बघितलंस?" मामा ताईला म्हणाले. "साधं 'बरं' म्हणायला काय जातं याचं?" आणि मग खांबाला पाठ टेकून खाली बसत त्यांनी डबा ओढला आणि गार झालेलं सगळं जेवण, बोटं चाटूनपुसून, संपवलं.