आईची पाठ

सुरतच्या साऱ्या उधन्यात जिवंत माणसाला पापडासारखं चपटं करून पुन्हा उभं करणारा माणूस एकच, आणि ते माझे जेठ, नवऱ्याचे थोरले भाऊ. मिलमध्ये ते कॉम्प्युटरवर साड्यांची डिझाईन काढतात. पन्नाशी गाठली, लग्न केलं नाही, पान-तंबाखूची सवय नाही. नाद एकच. घरच्या कॉम्प्युटरवर ते आमचं खानदेशातलं गाव बांधतात, व्हिडिओ गेमसारखं. बटणं दाबत गावात हिंडायचं, बस. मारामारी नाही, हारजीत नाही. "मग हा खेळ कसला?" असं माझ्या नवऱ्यानं विचारलं तर म्हणाले, "अरे, गावी जाऊन तू काय जिंकून येतोस?"

घरं, पार, विहीर हे सगळं त्यांनी चारी बाजूंनी बांधलंय. पण झाडं आणि माणसं तशी बांधायला घेतली की जुना कॉम्प्युटर धापा टाकतो. म्हणून त्यांचे नुसते फोटो कापून उभे केलेत. बघणारा जिकडे जाईल तिकडे फोटोनं वळायचं, असं त्याला शिकवून ठेवलंय, म्हणजे तो चपटा आहे हे कळत नाही. कडुनिंबाला मिलमधल्या साडीची पानं लावलीत, आणि नीट पाहिलं तर मधे मधे कोयऱ्याही लागल्यात. "काय करणार," जेठ म्हणतात, "कडुनिंबाची साडी कुणी मागतच नाही."

उधन्यात आमच्या गावची बरीच घरं आहेत. लग्न असो, बारावं असो, जेठ मोबाईल घेऊन समोर हजर. "काका, हलू नको. तुला पारावर बसवतोय." सगळ्यांचे फोटो समोरून घेतलेले, त्यामुळे त्या गावात शिरलं की सगळे आपल्याकडेच टक लावून बघतात. विहिरीमागे लपलं तरी बघतात. सासूबाईंनी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्या लेकाकडे बघत कपाळाला हात लावून म्हणाल्या, "मना आंडोर येडा व्हई गया वं! सारं गाव मनाकडेच देखस. मी काय चोरी करी का?"

पाठमोरी फक्त मी. आमच्यात जेठ समोर आले की सून पदर ओढून बाजूला होते. त्यांनी मोबाईल धरला आणि मी सवयीनं वळले. आता तिथे कुणी कुठूनही आलं तरी माझी पाठच दिसते. नवरा म्हणतो, "ही गावावर रुसलीय." जेठ माझ्याशी थेट बोलत नाहीत, भिंतीकडे बघून बोलतात. "तिला सांगा, समोरचा फोटो राहिलाय." भिंत काही सांगत नाही, आणि मीही ऐकलं नाही असं दाखवते.

मग त्यांना नवी युक्ती सुचली. प्रत्येकाचे आठ बाजूंनी आठ फोटो घ्यायचे, म्हणजे माणसाच्या मागे गेलं की खरंच मागची बाजू दिसेल. ओट्यावर एकेकाला उभं करून गरागरा फिरवलं. सासूबाईंना चक्कर आली. "मी काय घानाना बैल शे का?" म्हणून त्या पाचव्या फोटोलाच खाली बसल्या, आणि गावात त्या एका बाजूनं बसलेल्याच दिसतात.

माझं माहेर त्याच गावात, दोन गल्ल्या सोडून. आई गेली तेव्हा मी इकडे उधन्याजवळ भेस्तानला दवाखान्यात होते, बाळंतपणात. मला पोचता आलं नाही. पुढे एका रविवारी दुपारी जेठांना चहा द्यायला गेले तर माझ्या माहेरच्या दारात आई उभी. आमच्या लग्नाच्या फोटोतून त्यांनी तिला कापून घेतलं होतं. जेठ खुर्चीवरून उठले. मी आयुष्यात पहिल्यांदा ती बटणं दाबली. उजवीकडे गेले, आई वळली. डावीकडे गेले, वळली. फोटोग्राफरसमोर हसायचं म्हणून हसलेली आई, सारखी माझ्याकडे बघत होती.

तोंड तर मला पाठ होतं. आई चुलीपुढे बसली की मी मागून तिच्या गळ्यात पडायचे, ती आई मला हवी होती. पण मी जेवढी मागे जाऊ बघायचे तेवढी ती फिरायची.

"दादा, हिला मागून बघता येईल का?"

लग्नाला वीस वर्षं झाली, मी त्यांच्याशी बोललेलं हे पहिलं वाक्य. ते आधी भिंतीकडे बघायला लागले, मग माझ्याकडे.

"फोटो एकच आहे. मागचा कुठून आणू?" मग म्हणाले, "तू सांग. मी काढतो."

मग किती रविवार गेले. उजवा खांदा हंडे वाहून खाली आलेला. अंबाडा सुपारीएवढा. चोळीला पाठीवर दुसऱ्या रंगाचं ठिगळ, घाईत घातलेल्या टाक्यांचं. ते काढायचे, पुसायचे. "असं?" "थोडं खाली." "असं?" मी एवढं कधी कुणाशी बोलले नव्हते. शेवटी त्यांनी तिला चुलीपुढे बसवलं, चुलीकडे तोंड करून, आणि विचारलं, "हीच का?"

ती नव्हती. खांदा बरोबर होता, पण ठिगळाचे टाके साडीच्या काठासारखे एकसारखे आले होते. जेठ माझ्या तोंडाकडे बघत होते, चष्मा हातात धरून.

"हीच," मी म्हटलं.

आता घरात कुणी नसलं की मी त्या गावात जाते, आईच्या मागे उभी राहते. ती वळत नाही. पण हल्ली डोळे मिटून खरी पाठ आठवायला गेलं तरी ते एकसारखे टाकेच पुढे येतात. त्यांच्याखाली कुठेतरी तिचे वाकडे टाके असतील म्हणून मी शोधत राहते. नाही सापडले तर तशीच थोडा वेळ उभी राहते.