लिंबाएवढा तारा

दसऱ्यात आम्ही म्हैसूरवाले घरात बाहुल्यांच्या पायऱ्या मांडतो. बघायला येणारा प्रत्येकजण भिजवलेल्या डाळीची कोसंबरी खातो आणि एक किस्सा ठेवून जातो. कोसंबरी संपते, किस्से उरतात.

यंदा पायऱ्या नातीने, अनूने मांडल्या. पोरगी एम.एस्सी.त नापास झाल्यापासून खोलीबाहेर येत नव्हती. तिचा बाप, आमचा रघू, म्हणाला, "दसऱ्यापर्यंत ठरव. परत परीक्षा, नाहीतर हूटगळ्ळीच्या कारखान्यात नोकरी. तिथले साहेब तुझ्यासाठी थांबलेत." मी म्हटलं, आधी बाहुल्या मांड. तर हिने राजाराणीच्या बाहुल्यांखाली आकाशच मांडायला काढलं!

*

तिच्या मांडणीत गुरू ग्रह म्हणजे लिंबू. मग सूर्य केवढा? दहा लिंबं आडवी लावली तेवढा. मी मंडी मोहल्ल्याच्या बाजारात भोपळा आणायला गेलो. भाजीवाला म्हणाला,

"अज्जा, एवढा मोठा? लग्न आहे?"

"सूर्य करायचाय."

"करा. पण आत किडका निघाला तर परत आणू नका!"

*

मग अनू म्हणाली, अजून एक लिंबू द्या, तपकिरी बटू ताऱ्याला. गुरूपेक्षा पन्नास पट जड, पण आकार तेवढाच. मी चौथीपर्यंत शिकलेला. म्हटलं, जड माणूस जाड नको?

"नाही अज्जा. आतल्या आत दाबला जातो."

मला पटेना. शेवटी तिने लिंबाएवढा मातीचा गोळा केला, आत शिसं भरलं. बाहुल्या बघायला आलेल्या रुक्मिणीकाकूंनी लिंबू समजून सहज उचलला आणि पायावर पाडला.

"अय्यो! लिंबू आहे की बत्ता?"

तेव्हा मला पटलं.

*

अनूने गोळा रंगवला बीटासारखा. शेजारचे शिंदेमामा भडकले. "नाव तपकिरी आणि रंग हा?"

"मामा, खरा रंग असाच काहीसा असेल म्हणतात. नाव आधी पडलं, ते राहिलं."

काकू म्हणाल्या, "त्यात काय! आमचा बाळू रिटायर झाला, अजून बाळूच आहे."

*

खरं भांडण पायरीवरून. आमच्या घरची रीत अशी, की एकदा ठेवलेली बाहुली विजयादशमीपर्यंत हलवायची नाही. काकू म्हणतात, तारा आहे, वरच्या पायरीवर ठेवा. मामा म्हणतात, ग्रहाएवढा आहे, खाली ठेवा. अनू गोळा हातात धरून उभी, आणि गोळा जड!

मी करवत काढली. दोन पायऱ्यांच्या मधे अर्धी पायरी ठोकली. दोघेही माझ्यावर रुसले. सरी, ठीक आहे, रुसा!

*

विजयादशमीला घर भरलेलं. शिंदेमामांनी कोसंबरीचा घास घेतला आणि सगळ्यांसमोर विचारलं, "अनू, याला तारा का म्हणत नाहीत गं?"

"सूर्यासारखं आतून पेटत राहायला वजन कमी पडलं, मामा."

"म्हणजे हा नापास तारा!"

काकूंनी मामांना कोपर मारलं. मामांच्या लक्षात आलं, घास तोंडातच राहिला. मी काठी शोधायला लागलो.

अनू गोळ्याकडे बघत म्हणाली, "नापास म्हणणारे म्हणतात, मामा. तो आपल्या उबेवर हळूहळू निवत बसलाय. त्याला अब्जावधी वर्षं आहेत. मला एप्रिलच्या परीक्षेपर्यंतचेच महिने आहेत." मग बापाकडे वळली. "पप्पा, हूटगळ्ळीच्या साहेबांना फोन करा. येत नाही म्हणून सांगा."

रघू फोन घेऊन बाहेर गेला. लगेच परत आला.

"नेटवर्क नाही."

"गच्चीवर येतं, पप्पा."