चपला गाडीत होत्या

बाबांच्या पंचाहत्तरीला नाशिकला हॉल घ्यायचा, पंचाहत्तर दिव्यांनी ओवाळायचं आणि शाल-श्रीफळ द्यायचं, असा नातेवाइकांचा बेत होता. शाल एका माजी नगरसेवकांच्या हस्ते दिली जाणार होती. ते बाबांना ओळखत नव्हते, पण त्यामुळे त्यांच्या भाषणाला काही बाधा आली नसती. मी कुवेतहून फोन करून हा बेत मोडला. बाबांनी पाटबंधारे खात्यातली सगळी नोकरी फिती कापणाऱ्यांच्या मागे उभं राहून काढली होती. आता त्यांनाच मखरात बसवायचं, हे मला बघवलं नसतं. त्यापेक्षा आई, बाबा आणि मी, आपण तिघं कंबोडियाला जाऊ, म्हणालो. तिथली जुनी ख्मेर देवळं पाहू, आणि तीही कॅलेंडरवर असतात ती नाहीत. कोणी फारसं जात नाही ती.

या देवळांवर मी दोन हिवाळे वाचत होतो. बनेद अल-गारच्या आमच्या फ्लॅटमध्ये बायको आणि मुलगी झोपल्यावर दुसरं करण्यासारखं फार नसतं. त्यातलं को केर नावाचं ठिकाण माझ्या मनात बसलं होतं. एका राजाने जुनी राजधानी सोडून ती जंगलात हलवली, माणसापेक्षा उंच शिवलिंगं बसवली आणि तो गेल्यावर वारसांनी सगळा कारभार परत जुन्या जागी नेला. नव्या साहेबाने हेड ऑफिस हलवावं आणि त्याच्या बदलीनंतर फायली मुकाट परत याव्यात, तसंच. एका दिवसाची खाजगी सहल होती. आपली गाडी, आपला गाइड, आणि पत्रकावर एका रिकाम्या देवळाच्या फोटोखाली लिहिलेलं, ‘येथे फक्त तुम्ही आणि इतिहास.’

काळजी एकाच गोष्टीची होती, बाबांच्या पायांची. त्यांना मधुमेह बऱ्याच वर्षांचा. पायात सतत मोजे घातल्यासारखं वाटतं, असं ते सांगायचे, आणि थंडीत ते बरंच असतं म्हणायचे. डॉक्टरांनी मात्र मला बाजूला घेऊन सांगितलं होतं की या पायांना आता काही कळत नाही, एक साधी जखमसुद्धा पाय घेऊन जाऊ शकते, अनवाणी एक पाऊल टाकू देऊ नका. म्हणून मधुमेहवाल्यांच्या त्या मऊ रबरी तळाच्या एमसीआरच्या चपला आणल्या. दिसायला त्या सरकारी दवाखान्यासारख्या होत्या. बाबा त्या तोंड वाकडं करून घालायचे, पण घालायचे.

मी बरोबर असणार होतो, म्हणून पायांवर लक्ष ठेवणं माझ्याकडे होतं. पण खाजगी कंपनीतल्या परदेशी माणसाला आता कुवेतबाहेर पडायला कंपनीची मंजुरी लागते. देखभालीसाठी प्लांट बंद ठेवून करायचं आमचं काम, शटडाउन, लांबलं आणि माझा अर्ज फोनच्या पडद्यावर ‘विचाराधीन’ होऊन बसला. साहेब हो म्हणत नव्हते, नाहीही म्हणत नव्हते. मी विचारलं की ‘इन्शाल्ला’ म्हणायचे. तिकिटं काढलेली होती. आई म्हणाली, आम्ही जातो, तू फोनवर आहेस ना. मीही म्हणालो, मी फोनवर आहे. जणू फोनवर असणं म्हणजे कुठेतरी असणं.

को केरच्या सहलीच्या दिवशी सकाळी मी अर्दियाच्या गोदामात होतो. शटडाउनचे व्हॉल्व लाकडी खोक्यांतून काढून तपासायचे होते. तिकडे दुपार झाली होती. बाबांच्या फोनवरून व्हिडिओ कॉल आला. फोन गाइडच्या हातात होता, कारण बाबांना एका हाताने फोन धरून दुसऱ्याने नमस्कार करणं पटत नव्हतं. गाइड तिशीचा, अतिशय सभ्य माणूस. त्याने मला उंच जोत्यावरचं देऊळ दाखवलं, आत अंधारात उभी पिंडी दाखवली, भिंतीतून बाहेर काढलेली अभिषेकाच्या पाण्याची वाट दाखवली. मग फोन जरा खाली गेला आणि मला बाबांचे पाय दिसले. उघडे. भर उन्हात, काळपट दगडावर.

माझ्या हातात व्हॉल्वचा टॅग होता, तो तसाच राहिला. कुवेतमध्ये राहणाऱ्याला तापलेला दगड म्हणजे काय ते सांगावं लागत नाही.

गाइडला विचारलं तर तो कौतुकाने सांगू लागला. इथे पूजा होत नाही, बूट चालतात, असं त्याने आधीच सांगितलं होतं. पण सर फार श्रद्धाळू. हे तिसरं देऊळ, सगळीकडे अनवाणीच. मग पाहुण्यांचा मान राखायला म्हणून त्याने फोन एका दगडाला टेकवून ठेवला आणि स्वतःचेही बूट काढले. दोन पावलं टाकली आणि तो उडी मारून सावलीत गेला. एक पाय हातात धरून, हसत, माफी मागत. बाबाही हसले. हल्लीच्या मुलांचे तळवे नाजूक, असं काहीतरी म्हणाले.

मी ओरडलो नाही. आजूबाजूला माणसं काम करत होती. शक्य तितक्या शांतपणे म्हणालो, “बाबा, चपला घाला.”

“देवळात?”

“पूजा होत नाही तिथे आता.”

“पूजा होत नसेल. पिंडी आहे ना?”

“दगड तापलाय, बाबा. पाय भाजतील.”

“अरे, तापला असता तर मला कळलं नसतं का?”

यावर माझ्याकडे उत्तर होतं, पण ते असं होतं की भर देवळात, वाढदिवसाच्या सहलीत, आपल्या बापाला द्यावं कसं? मी ते दिलंही. तुमच्या पायांना कळत नाही, म्हणालो. डॉक्टरांनी काय सांगितलंय ते आठवा. बाबांनी मान हलवली, लहान मुलाचं बोलणं ऐकावं तशी, आणि प्रदक्षिणेला निघाले; गाइड पुन्हा बूट चढवून, फोन घेऊन त्यांच्या मागे. शंकराची प्रदक्षिणा. पाण्याची वाट ओलांडायची नाही. तिथवर जायचं आणि आल्या वाटेने मागे फिरायचं. म्हणजे प्रत्येक दगडावर दोनदा पाय. गाभाऱ्यात फिरायला जागा नव्हती म्हणून ते बाहेरून, जोत्यावरून चालले होते. पाण्याच्या वाटेपाशी थांबून त्यांनी वाकून उतार पाहिला. खात्यातली सवय. काम चोख आहे म्हणाले आणि परत फिरले.

चपला कुठे आहेत, विचारलं. आईकडे. फार पूर्वी त्र्यंबकेश्वरला आईच्या नव्या चपला गेल्या. तेव्हापासून ती कुठल्याही देवळात दोघांच्या चपला कापडी पिशवीत घालून बरोबर बाळगते. इथे त्या चोरायला दोन-चार मैलांत गाइड आणि ड्रायव्हर सोडून कोणी नव्हतं. तरी पिशवी भरली होती. पहिल्या देवळानंतर तिचे गुडघे बोलायला लागले, म्हणून ती गाडीत जाऊन बसली, आणि पिशवी तिच्याबरोबर गेली. बाबा म्हणाले, कशाला सारखं काढा-घाला, तीन देवळं जवळजवळच आहेत.

गाडी रस्त्यावर, झाडीपलीकडे. आईचा फोन हॉटेलच्या वायफायशिवाय मुका. मी गाइडला म्हणालो, प्लीज, त्यांचे पाय दाखवा, मला पाय बघायचेत. त्याचा चेहरा उजळला. इतक्या लांबून एवढी माहिती असलेलं गिऱ्हाईक त्याला मिळालं नसावं. तो सांगू लागला की इथल्या एका देवळात मोठे पुतळे होते, चोरांनी ते घोट्यातून कापून परदेशात विकले, पावलं तेवढी चौथऱ्यावर राहिली, त्या पावलांवरूनच पुढे पुतळे ओळखू आले. आता ती पावलं तिथे नाहीत, पण जागा दाखवतो. मी ही गोष्ट दोनदा वाचली होती आणि मला ती फार आवडली होती. त्याला थांबवत असतानाच चित्र गोठलं. बाबांची पाठमोरी आकृती, एक पाऊल उचललेलं. मग तेही गेलं.

पुन्हा पुन्हा लावला, लागेना. सहलीच्या कंपनीला फोन केला. तिथली बाई गोड होती. म्हणाली, सर, तो भाग तसाच आहे, रेंज येते-जाते, काळजी करू नका, आपली खाजगी सहल आहे, तिथे त्यांना त्रास द्यायला आसपास कोणीही नसेल.

आमचे स्टोअरकीपर रत्नागिरीकडचे, वयाने माझ्यापेक्षा मोठे. त्यांनी काळा चहा माझ्या शेजारच्या खोक्यावर ठेवला आणि काय झालं ते विचारलं. मी सांगितलं. त्यांचे वडील गेले तेव्हा तेही इथेच, मिरकाबच्या एका खोलीत फोन कानाला लावून बसले होते आणि शेवटची आंघोळ तिकडे दुसऱ्यांनी घातली होती, हे मला माहीत होतं.

“आपला काम काय साहेब,” ते म्हणाले, “हितना सांगायचा. पानी वतनारा तिकडं असतो.”

मग आम्ही व्हॉल्व तपासले.

संध्याकाळी हॉटेलवरून आईचा फोन आला. तिने दिवसाचं वर्णन केलं, जेवण मिळमिळीत होतं ते सांगितलं. चपला बाबांनी शेवटी गाडीत बसताना घातल्या होत्या. मग ती म्हणाली, “अरे, ह्यांनी अजून पाय धुतले नाहीत, तरी फरशीवर ओले ठसे कसे उमटतायत?”

मी तिला तळवे बघायला सांगितले. तिने फोन उलटा धरला होता. मला छत आणि पंखा दिसत होता. मग फोन गादीवर पडला आणि ती हॉटेलच्या माणसांना हाका मारायला लागली. त्या हाकांवरून मला सगळं दिसलं.

हॉटेलने डॉक्टर आणला. त्याने फोड साफ करून पट्ट्या बांधल्या आणि लवकर घरी जा म्हणाला. बाबा व्हीलचेअरवरून नाशिकला पोचले. डावा पाय भरत आला, उजवा चिघळला. त्याच आठवड्यात माझी मंजुरी आली, कंबोडियाच्या तारखांची. नवा अर्ज केला. मी पोचलो तेव्हा उजव्या पायाची करंगळी काढून झाली होती आणि पायाचं अजून सांगता येत नाही, असं डॉक्टर म्हणत होते. नातेवाईक पाळीपाळीने भेटून गेले. हॉलमध्ये गालिचा असतो, हे त्यांना सुचलं असेलच. माजी नगरसेवक दवाखान्यात येऊन गेले. शाल कॉटच्या कठड्यावर घडी घालून ठेवली होती, नारळ औषधांच्या ट्रेमध्ये. भाषण त्यांनी थोडक्यात आवरलं, अशी आईने माहिती दिली.

पाय वाचला. निदान अजून तरी आहे. थंडीच्या सुरुवातीला ते दोघं आमच्याकडे कुवेतला आले. जखम एका नाण्याएवढी उरली आहे आणि ती दोन महिने तेवढीच आहे. बाबा खिडकीपाशी बसतात, तिथून समुद्राचा तुकडा दिसतो. को केरबद्दल ते कोणाही पाहुण्याला उत्साहाने सांगतात. चपलांचा विषय त्यात येत नाही. काल माझी मुलगी त्यांच्यासमोर मांडी घालून बसली होती.

“आजोबा, डझ इट हर्ट?”

“नो,” बाबा म्हणाले. “दॅट इज द प्रॉब्लेम.”

एक दिवसाआड ड्रेसिंग मी करतो. आज सकाळी त्यांचा पाय मांडीवर घेतला. जुनी पट्टी चिकटली होती, ती भिजवून सोडवली. सलाइनने जखम धुतली, कडेची मेलेली कातडी कापली. कात्री एकदा नको तिथे लागली. मी वर पाहिलं. बाबा पेपर वाचत होते. मलम लावलं, गॉज ठेवलं, नवी पट्टी गुंडाळली, चिकटपट्टी दाबून बसवली आणि पाय दोन्ही हातांत तसाच धरून थोडा वेळ बसून राहिलो.

बाबांनी पेपरचं पान उलटलं.

“सुरू केलंस का रे?” त्यांनी विचारलं.