भिमाजीची झील

भिमाजीचा गळा पारनेर तालुक्यात सगळ्यांनी ऐकला होता, पण त्या गळ्यातून निघालेली एक आख्खी ओळ कुणी ऐकली असेल तर शपथ! भिमाजी पडला झीलकरी. शाहीर आप्पासाहेब डफावर थाप मारून पोवाड्याची ओळ टाकायचे, आणि ओळ संपत आली की मागं तुणतुणं घेऊन उभा असलेला भिमाजी तिचा शेवटचा शब्द उचलून "जी रं जी जी" करत असा वर न्यायचा, की मारुतीच्या देवळावरची कबुतरं उडायची. तेवढ्या उसंतीत आप्पासाहेब श्वास घेऊन घेत आणि पुढची ओळ टाकत. लोक माना डोलवत म्हणायचे, "काय शाईर हाय राव!" फेटा शाहिराला, नारळ शाहिराला, हार शाहिराला. झीलकऱ्याला काय? तर दुसऱ्या दिवशी घसा शेकायला गरम पाणी, तेही बायकोनं दिलं तर.

एकोणतीस वर्षं हे असं चाललं. मिसरूडही फुटलं नव्हतं तेव्हा भिमाजी फडात आला. तेव्हा शाहिरी आप्पांच्या वडलांची होती. म्हातारा मोठा खवीस! शाहिराच्या आधी झीलकऱ्याच्या तोंडातून शब्द निघाला की तुणतुण्याची काडी पाठीत बसलीच म्हणून समजा. "बोल शाईराचा, शेपूट आपलं," हे त्यानं भिमाजीला शिकवलं. शिकवलं कसलं, ठोकून ठोकून बसवलं. पाठीवरचे वळ गेले, पण शिकवण काही गेली नाही.

आता तुम्ही म्हणाल, त्यात काय बिघडलं? घरची चार एकर जमीन होती, गाण्यावर काही चूल पेटत नव्हती. अहो, पण माणूस काय चुलीसाठीच गातो होय? भिमाजीच्या पोटात त्याचा स्वतःचा पोवाडा होता. लिहिता-वाचता येत नव्हतं, तरी बावीस चौक, म्हणजे बावीस कडवी, त्यानं नुसती डोक्यात रचली होती. पोवाडा कुणा राजाचा नव्हता, त्याच्याच मळ्यातल्या विहिरीचा होता. पाऊस रुसला आणि विहिरीनं तळ दाखवला, तेव्हापासून रोज पहाटे तो कोरड्या काठावर बसून मोकळ्या गळ्यानं तो म्हणायचा. विहीर प्रत्येक ओळीचं टोक घुमवून परत द्यायची. साऱ्या जगात भिमाजीची झील धरणारी ती एकटीच. बायको बायडाबाई शेळीला पाला टाकता टाकता ऐकायची, आणि ऐकून ऐकून तिला तो पाठ झाला होता.

"एकदा तरी लोकांम्होरं म्हना की," ती म्हणायची.

त्यानं एकदा आप्पांपाशी विषय काढलाही होता. आप्पा खदाखदा हसले. "भिमा, तू फुडं आलास तर माजी झील कोन धरंल? तुज्यावानी गळा दुसरा हाय का कुनाचा?"

घ्या! गळा चांगला म्हणून आयुष्यभर मागं उभं राहायचं. भिमाजी त्या दिवशी जेवला नाही. शिवी दिली असती तर भांडता तरी आलं असतं, पण कौतुकाशी कसं भांडायचं?

मग आलं बहात्तरचं दुष्काळी साल. सगळा गाव पाझर तलावाच्या कामावर खडी फोडायला बसला, शाहीरही बसले. महिनाभरात धुळीनं आप्पांचा घसा असा धरला की आवाजाच्या जागी नुसता वारा येऊ लागला. नगरच्या डॉक्टरनं बजावलं, दोन महिने तोंडातून शब्द काढायचा नाही. आणि नेमकं तेव्हाच मुकादम सांगत आला की गुरुवारी दुपारी नगरहून साहेब येणार आहेत, मजुरांपुढं गावच्या पार्टीनं गायचंय. पसंत पडली तर पार्टीला जिल्ह्यातल्या सगळ्या कामांवर फिरवणार आहेत.

आप्पांनी डफ आणून भिमाजीच्या मांडीवर ठेवला. खरखरत, कसेबसे बोलले, "तुजाच पवाडा म्हन."

भिमाजी डफाकडं बघतच राहिला. बेचाळीस वर्षांचं वय. आत्ता पुढं उभं राहून आख्खा पोवाडा म्हटला तर आपण शाहीर, नाहीतर सरणावर जाईपर्यंत शेपूट, हे त्याला लख्ख कळत होतं. बायडाबाईनं प्यायच्या पाण्यातलं तांब्याभर पाणी मोडून त्याचा सदरा धुतला. त्या वर्षी तांब्याभर पाणी म्हणजे काय, ते ज्यानं भोगलं त्यालाच ठाऊक.

गुरुवारी दुपारी लिंबाखाली दोन-अडीचशे माणूस बसलं. साहेब खुर्चीवर. भिमाजी पुढं उभा, मागं तुणतुण्यावर आसाराम आणि झांजेवर गहिनीनाथ. भिमाजीनं डफावर थाप मारली. अशी कडक की साहेबांनी मान वर केली.

थाप मारली आणि भिमाजी थांबला.

कुणीतरी ओळ टाकेल, मग आपण उचलू, म्हणून थांबला! पोवाडा सगळा ओठाशी होता, बावीसच्या बावीस चौक. पण ओठ उघडेनात. त्यानं पुन्हा थाप मारली, पुन्हा थांबला. पाठीत काडी बसल्यासारखं चर्र झालं, आणि मागं तर कुणी मारणारं नव्हतं. काडी मारणारा म्हातारा मरून पंधरा वर्षं झाली होती.

"भिमानाना, बोल टाका की," आसाराम मागून कुजबुजला.

पोरी फिदीफिदी हसल्या. कुणी टोमणा मारला, "आडात न्हाई तर पोहऱ्यात कुठनं येनार?" भिमाजीला ते ऐकू आलं. आड भरलेला होता हो, काठोकाठ भरलेला होता! पोहराच बुडेना, ते कुणाला सांगायचं? आप्पा नुसते हात हलवत होते. साहेबांनी घड्याळ बघितलं.

तेवढ्यात बायकांच्या घोळक्यातून कुणी तरी उठलं. डोईवर पदर, कमरेला खोचलेलं लुगडं, हात खडीच्या धुळीनं पांढरे. बायडाबाई. नवऱ्याची शोभा होताना तिला बघवेना, आणि तिनं ओळ टाकली.

"आज्यानं खांदली, बापानं बांधली, माज्या नशिबी इहीर कोरडी राह्यली..."

"राह्यली हो, जी रं जी जी!"

भिमाजीचं तोंड आपोआप उघडलं होतं. आणि काय तो आवाज! एकोणतीस वर्षांत असा लागला नव्हता. बायडाबाईनं पुढची ओळ टाकली, त्यानं उचलली. तिसरी, चौथी. बावीस चौक ती बोलत गेली आणि तो झील धरत गेला. माणसांच्या हातातले हातोडे खाली पडले, म्हाताऱ्या डोळ्यांना पदर लावू लागल्या. भिमाजीही रडत होता, पण त्याचं रडणं वेगळं होतं. पोवाडा त्याचा, विहीर त्याची, दुःख त्याचं, आणि तो मात्र मागचाच!

टाळ्या थांबता थांबेनात. साहेब उठून बायडाबाईपाशी आले. "वा बाई! पार्टीच्या नावापुढं शाहीर बायडाबाई असंच लिहितो."

"पवाडा ह्यांचा हाय, सायेब," ती घाईनं म्हणाली. "समदा ह्यांनीच रचलाय. म्या नुसता बोल दिला."

"असं का?" साहेब भिमाजीकडं बघून हसले. "साथ फार छान करतात हो."

झालं. भिमाजीनं डफ आप्पांच्या हवाली केला आणि घर गाठलं. बायको मागून येत होती, पण त्यानं एकदाही वळून बघितलं नाही.

दुसऱ्या दिवशी पहाटे तो नेहमीसारखा विहिरीच्या काठावर जाऊन बसला. बायडाबाई शेळीपाशी कान देऊन थांबली. बराच वेळ गेला. पाला तसाच हातात धरून ती विहिरीकडं आली. भिमाजी तळाकडं बघत बसला होता, तोंड मिटलेलं.

"म्हना की," ती हळूच म्हणाली. "हितं कोन हाय ऐकायला?"

"न्हाई येत." मग मान वर न करताच तो म्हणाला, "तू बोल टाक, म्हंजी मी धरतो."

काल आपण त्याची अब्रू राखायला गेलो आणि त्याची ही एवढीशी जागाही घेऊन बसलो, हे तिला तेव्हा कळलं. ती त्याच्याशेजारी दगडावर बसली.

"म्या न्हाई टाकनार," ती रडत म्हणाली. "मेले तरी न्हाई. तुमीच टाका."

भिमाजीनं तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. तलावाकडून मुकादमाची हजेरीची शिट्टी वाजेपर्यंत दोघं तिथंच बसून होती, आणि विहीर गप्प होती.