घरच्या कॅसेटवरची अंगाई

गुरुग्रामच्या ऑफिसात आम्ही जुन्या मराठी अंगाईगीतांचा अल्बम तयार करत होतो. एका दिवंगत गायिकेच्या अंगाईचे हक्क कंपनीकडेच होते, तरी आमच्या मॅडम मला घेऊन गाझियाबादला तिच्या लेकीला भेटायला गेल्या.

आम्ही नेलेलं कंपनीकडचं रेकॉर्डिंग ऐकून लेक म्हणाली, "तेव्हा आई आजारी होती हो. हा आवाज नका ना लोकांना ऐकवू."

"बिलकूल नाही ऐकवणार," मॅडम लगेच म्हणाल्या. "दुसरं एखादं रेकॉर्डिंग आहे?"

तिने घरी टेप केलेली कॅसेट दिली. मॅडमनी कित्येक दिवस स्टुडिओत बसून तिच्यातली खरखर काढून घेतली आणि तीच अंगाई अल्बममध्ये पहिली लावली.

प्रकाशनाच्या कार्यक्रमात ती वाजली, तेव्हा लेक डोळे मिटून सोबत गुणगुणत होती. मॅडम मागे उभ्या होत्या. मला त्यांचा फार अभिमान वाटला.