कोडच्या शेवटचा 'एस'

माझं काम म्हणजे नुसती आकडेमोड, असं म्हणणाऱ्यांनो, आज दुपारचं ऐका!

मी मेडिकल कोडर. घरी बसून डॉक्टरांच्या नोंदी वाचते आणि विम्यासाठी आजाराचे कोड लिहिते. आजच्या पेशंटची छातीतून हाताकडे जाणारी रक्तवाहिनी पूर्वी अपघातात फाटलेली, आता हात लवकर दमतो. थेट आमचा दादाच! कागल एमआयडीसीतल्या अपघातापासून दुधाची किटली उचलली की त्याचा हात भरून येतो, मग दिवसभर चिडचिड.

कोडच्या शेवटी मी 'एस' लावला. शेजारी चहा पीत बसलेल्या दादानं विचारलं, "ह्यो एस कशाला?"

"जखम गेली, परिणाम राहिला, म्हणून."

त्यानं कप खाली ठेवला. मग म्हणाला, "आन् मीबी राहिलोच की गं!"

तेव्हापासून, अपघातातून त्याला वाचवणाऱ्या डॉक्टरांना मनातल्या मनात हात जोडतेय. तुमच्या घरात कुणाला मिळालाय असा 'एस'?